चित्रपुस्तकांची निवड : तान्ह्या व दुडुदुडु चालणाऱ्या मुलांसाठी

जन्मापासून साधारण तीन वर्षांपर्यंतच्या मुलाला मांडीवर घेऊन दाखवायची आणि वाचायची पुस्तके निवडणे. या वयाचे मूल एकटे वाचत नाही. पुस्तक उघडल्यावर आई, बाबा किंवा आजोबा किती आणि काय बोलतात, यावरच ते पुस्तक त्याच्या कामाचे ठरते. दुकानात पाने चाळताना आपल्याला बोलावेसे वाटते का, हे आधी पाहावे. किंमत, पानांची संख्या, 'बुद्धी वाढवणारे' असा वेष्टनावरचा दावा, हे सारे नंतरचे.

नवजात बाळाला सुमारे 20 ते 30 सेंमी अंतरावरचे त्यातल्या त्यात स्पष्ट दिसते, म्हणजे कुशीतल्या बाळापासून आईचा चेहरा असतो तेवढ्या अंतरावरचे. म्हणून सुरुवातीला काळ्या-पांढऱ्या ठळक आकृत्या आणि माणसांचे मोठे चेहरे चांगले. फिक्या रंगांतली नाजूक चित्रे तेव्हा वाया जातात. सहाव्या महिन्याच्या आसपास पुस्तक हातात येते आणि लगेच तोंडात जाते. ते हिसकावून घेऊ नये, तोंडात घालणे ही त्या वयाची ओळख करून घेण्याची रीतच आहे. मात्र पुस्तक तसे हवे : जाड पुठ्ठ्याचे किंवा कापडी, गोल कोपऱ्यांचे, तारेच्या पिना नसलेले, ओढून निघतील असे मणी-डोळे नसलेले. वर्षाच्या सुमारास मूल बोट दाखवू लागते. तेव्हा पानावर एकच चित्र आणि भोवती मोकळी जागा असली की बोट नेमके कशावर आहे ते कळते. दीड-दोन वर्षांच्या मुलाला अंघोळ, जेवण, लपाछपी, हरवलेली चप्पल एवढीशी घटनाही पुरते.

पुण्यात पालकांची पावले बहुधा अप्पा बळवंत चौकाकडे वळतात. तेथे पानभर वीस-वीस फळे, भाज्या, वाहने चिकटवल्यासारखी मांडलेली पुस्तके स्वस्तात मिळतात. ती नावे घोकायला बरी असली, तरी तान्ह्या मुलासाठी घेऊ नयेत. 'हे काय? ते काय?' या तपासणीपलीकडे त्यांत बोलणे सरकत नाही. ज्योत्स्ना प्रकाशनाने मराठीत उत्तम चित्रपुस्तके काढली आहेत. माधुरी पुरंदरे यांच्यासारख्या चित्रे आणि मजकूर दोन्ही स्वतः करणाऱ्या लेखिकेमुळे मराठी घर, स्वयंपाकघर, शेजार त्यांत नेमका उतरला. मात्र यांतली बरीच पुस्तके बालवाडीच्या वयाला अधिक जमतात. अगदी लहानांसाठी जाड पुठ्ठ्याची मराठी पुस्तके अजून फार थोडी आहेत, ही खरी उणीव आहे.

म्हणून घरात इंग्रजी पुठ्ठ्याची पुस्तके येतात. त्यांनी बिघडत काही नाही, मजकूर मात्र जसाच्या तसा वाचायची सक्ती स्वतःवर करू नये. चित्र पाहून मराठीत बोलावे : 'भूभू कुठं चाललाय? त्याला भूक लागलीय का?' मग थांबावे. बाळाचा हुंकार हेही उत्तरच असते, त्याला प्रतिसाद द्यावा. शब्दाविना पुस्तके याच कारणासाठी मोलाची आहेत. फारसे वाचता न येणारी आजीही ती तितक्याच हक्काने सांगू शकते.

एकच पुस्तक पुन्हा पुन्हा मागितले तर नवे पुढे करू नये. ओळखीच्या पानाची वाट पाहताना मुलाला पुढचे आधीच सांगता येते आणि शब्द पक्के होतात. चार-पाच चांगली पुस्तके पुष्कळ झाली, हाताशी येतील अशी खाली ठेवावीत. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2019 च्या मार्गदर्शनात एक वर्षाच्या मुलांना पडद्यासमोर बसवू नये, बसल्या वेळी गोष्ट सांगावी, पुस्तक वाचावे असे म्हटले आहे.

विकत घेणे जमत नसेल तर 'प्रथम बुक्स' या प्रकाशन संस्थेच्या 'स्टोरीवीव्हर' या संकेतस्थळावरील मराठी पुस्तके मोफत उतरवून छापता येतात. घरचे पुस्तकही करता येते : आजी, मामा, दारातली रिक्षा, सारसबागेतला गणपती यांची छायाचित्रे पुठ्ठ्यावर चिकटवून, कडा गोल कापून, वर पारदर्शक प्लास्टिक चढवून पाने जाड दोऱ्याने शिवावीत.