बाळाचं बारसं झालं, पण जन्मनोंदीत नाव चढलं का?

माझ्या भाचीचं सासर पुण्याचं, बाळंतपण मात्र माहेरी, सांगलीला झालं. बाळ सव्वा वर्षाचं झालं तेव्हा आधार काढायला जन्मदाखला हवा म्हणून ती पुण्यात घराजवळच्या क्षेत्रीय कार्यालयात गेली. खिडकीतल्या ताईंनी एकच प्रश्न विचारला, "जन्म कुठं झाला?" उत्तर ऐकून त्यांनी तिला सांगलीचा रस्ता दाखवला. तिथं दाखला लगेच मिळाला. आईचं नाव, वडिलांचं नाव, तारीख, दवाखाना, सगळं बरोबर होतं. बाळाच्या नावाचा रकाना तेवढा कोरा होता.

यात कोणाची हयगय नव्हती. दवाखान्यानं जन्माची माहिती वेळेत पाठवली होती आणि बारसं त्यानंतर झालं होतं. आपल्याकडे बारसं बाराव्या दिवशी होतं, हल्ली पाहुण्यांच्या सोयीनं सव्वा महिन्यानंतरही करतात. कायदा मात्र जन्माची माहिती २१ दिवसांत मागतो, आणि दवाखाना ती बहुतेक वेळा पहिल्या काही दिवसांतच कळवतो. म्हणून नोंदवहीत बाळ आधी येतं आणि नाव मागाहून. ते मागाहून येणारं नाव आपण स्वतः जाऊन चढवायचं असतं. हे कित्येक घरांत कोणी सांगतच नाही, म्हणून हा लेख.

महापालिका म्हटली की आपल्याला पाणीपट्टी, कचरागाडी आणि खड्डे आठवतात. मुंबईत सीएसएमटीसमोर महापालिकेची इमारत आहे. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स यांनी तिचा आराखडा केला आणि १८९३ मध्ये ती पूर्ण झाली. तिच्याकडे मान वर करून बघताना शहराचा रुबाब डोळ्यांत भरतो. पण नागरिक म्हणून आपलं महापालिकेशी पहिलं नातं जुळतं ते वॉर्डातल्या एका साध्या खोलीत, जन्म-मृत्यूच्या नोंदवहीत. शहरात कोण आलं आणि कोण गेलं याचा हिशेब तिथं राहतो. माझ्या मते महापालिकेचं याहून मोलाचं काम दुसरं नाही.

नोंद कुठं होते

जन्म जिथं झाला तिथं. आईवडील कुठं राहतात, मतदार कुठले आहेत, आधारवर कुठला पत्ता आहे, याचा इथं संबंध येत नाही. दवाखाना महापालिकेच्या हद्दीत असेल तर महापालिकेत, नगरपरिषदेच्या हद्दीत असेल तर नगरपरिषदेत, गावात जन्म झाला असेल तर ग्रामपंचायतीत. माहेर बेळगावचं असेल आणि बाळंतपण तिथल्या दवाखान्यात झालं असेल, तर नोंद बेळगावातच होणार आणि दाखलाही तिथूनच मिळणार. धावत्या गाडीत जन्म झाला तर गाडी पहिल्यांदा जिथं थांबते तिथं नोंद करायची असा नियम आहे. रुग्णवाहिकेत बाळंत झालेल्या बाईच्या घरच्यांनी हे लक्षात ठेवावं.

माहिती देण्याची जबाबदारी दवाखान्यात जन्म झाला तर तिथल्या प्रमुख डॉक्टरांवर असते आणि घरी झाला तर कुटुंबप्रमुखावर किंवा जवळच्या नातेवाइकावर. दवाखान्यात तुमच्याकडून भरून घेतात त्या अर्जाचे दोन भाग असतात. पहिला भाग नोंदवहीत राहतो आणि दाखला त्याच्यावरूनच निघतो. दुसरा भाग आकडेवारीसाठी असतो. त्यात आईचं वय, शिक्षण, कितवं अपत्य, आणि आईचा नेहमीचा राहण्याचा गाव विचारतात. माहेरी बाळंत झालेल्या मुली इथं हमखास माहेरचा पत्ता लिहितात. तिथं सासरचा, म्हणजे ती कायम जिथं राहते तो पत्ता यायला हवा. कोणत्या गावात किती बाळं आली याचं गणित त्या रकान्यावर अवलंबून असतं.

हा अर्ज बाळंतिणीच्या खाटेपाशी घाईत भरला जातो, आणि पुढच्या निम्म्या कटकटी तिथंच जन्माला येतात. आजोबा आईचं माहेरचं नाव लिहून मोकळे होतात, वडिलांचं नाव आधारवर एक आणि अर्जावर दुसरं पडतं. शक्य असेल तर आईवडिलांची आधार कार्डं समोर ठेवून, मराठी आणि इंग्रजी दोन्ही अक्षरं ताडून, घरातल्या एकाच जबाबदार माणसानं तो भरावा. नाव आधीच ठरलं असेल तर याच अर्जात लिहून टाका, म्हणजे पुढची फेरी वाचते.

नाव चढवण्याची मुदत

जन्माची नोंद झाल्याच्या तारखेपासून १२ महिन्यांच्या आत नाव कळवलं तर काही शुल्क लागत नाही. बारा महिने उलटल्यानंतर १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून नाव चढवता येतं. दोन्ही मुदती नोंदणीच्या तारखेपासून मोजतात, ती तारीख दाखल्यावर जन्मतारखेपासून वेगळी छापलेली असते.

पंधरा वर्षांनंतर हा नेहमीचा रस्ता बंद होतो. फार जुन्या नोंदींसाठी शासनानं वेळोवेळी मुदतवाढ दिली आहे, त्यामुळे तुमची नोंद जुनी असेल तर आशा न सोडता कार्यालयात चौकशी जरूर करा. पण ज्यांची मुलं आज पाच-सात वर्षांची आहेत त्यांनी मुदतवाढीवर विसंबू नये. शाळेत प्रवेश कोऱ्या दाखल्यावरही होऊन जातो, म्हणून आईवडील निर्धास्त राहतात. मग मुलगा दहावीला येतो, पासपोर्टचं निघतं आणि तेव्हा धावपळ सुरू होते.

१ ऑक्टोबर २०२३ पासून तर ही गोष्ट आणखी महत्त्वाची झाली आहे. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ मध्ये झालेली सुधारणा त्या दिवशी लागू झाली. त्या दिवशी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी शाळा-कॉलेज प्रवेश, वाहन परवाना, मतदार यादी, विवाह नोंदणी, सरकारी नोकरी, पासपोर्ट आणि आधार या कामांत जन्माची तारीख आणि ठिकाण जन्मदाखल्यानंच सिद्ध होतं. पूर्वी शाळा सोडल्याचा दाखला पुढं केला की भागायचं. या मुलांचं तसं भागणार नाही.

अर्ज कोण करू शकतं, कागद कोणते

अर्ज आई, वडील किंवा कायदेशीर पालक करू शकतात. दोघांच्या सह्या असलेला अर्ज सगळ्यात बरा, कारण नावावरून पुढं वाद उरत नाही. आजी-आजोबा, मावशी, काका कागद घेऊन जाऊ शकतात, पण सही पालकांचीच लागते.

सोबत नाव नसलेला मूळ जन्मदाखला, आईवडिलांचं आधार किंवा दुसरं ओळखपत्र आणि दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड न्यावं. मूल शाळेत जात असेल तर शाळेचं बोनाफाईड प्रमाणपत्र मागतात, कारण शाळेतलं नाव आणि दाखल्यावरचं नाव एकच असलं पाहिजे. काही ठिकाणी पालकांचं प्रतिज्ञापत्र किंवा विवाह नोंदणीचा दाखला मागतात. कार्यालयागणिक यात थोडा फरक पडतो, म्हणून आधी एकदा जाऊन फलक वाचावा किंवा विचारून यावं आणि मग सुट्टी काढावी. झेरॉक्सवर स्वतःची सही करून न्या, मूळ कागद फक्त दाखवायला.

एकट्या आईला वडिलांच्या सहीसाठी अडवून धरण्याचे प्रकार अजून कानावर येतात. सर्वोच्च न्यायालयानं २०१५ मध्ये स्पष्ट केलं आहे की एकल पालकानं किंवा अविवाहित मातेनं जन्मदाखला मागितला तर तिच्याकडून फक्त प्रतिज्ञापत्र घ्यावं आणि दाखला द्यावा. कोणी अडवलं तर हे शांतपणे सांगा, आणि लेखी नकार मागा.

नाव लिहिण्याआधी घरात एकदा नीट बसा. मराठीत ऱ्हस्व-दीर्घ आणि इंग्रजीत स्पेलिंग, दोन्ही कागदावर लिहून काढा. पत्रिकेतलं नाव, हाक मारायचं नाव आणि आत्यानं ठेवलेलं नाव यांतलं कुठलं कायमचं, ते ठरवा. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदपत्रांत मुलाचं नाव, मग आईचं नाव, मग वडिलांचं नाव आणि आडनाव असा क्रम ठेवण्याचा निर्णय महाराष्ट्र शासनानं घेतला आहे. मला हा निर्णय मनापासून आवडला. नऊ महिने जिनं पोटात वाढवलं तिचं नाव मुलाच्या नावाशेजारी असायलाच हवं. मात्र तुमच्या कार्यालयात जन्मदाखल्यावर नाव कोणत्या रचनेत छापतात ते अर्ज देण्याआधी विचारून घ्या, म्हणजे शाळेत आणि आधारवरही तीच रचना ठेवता येईल.

अर्ज दिल्यावर तारीख आणि शिक्का असलेली पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. दाखला देणं ही लोकसेवा हक्क कायद्याखालची सेवा आहे. ती किती दिवसांत मिळायला हवी, कोणता अधिकारी जबाबदार आहे आणि अपील कोणाकडे करायचं, हे कार्यालयात फलकावर लावणं २०१५ च्या त्या कायद्यानं बंधनकारक आहे. मुदतीत काम झालं नाही तर पहिलं अपील ३० दिवसांत करता येतं, आणि अपिलासाठी हातात पोच लागते.

चढलेल्या नावात चूक असेल तर

कोऱ्या रकान्यात नाव घालणं आणि लिहिलेलं नाव दुरुस्त करणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दुरुस्तीला कायद्यातलं कलम १५ लागतं. अक्षराची चूक असेल आणि ती कागदांवरून उघड दिसत असेल, तर निबंधक, म्हणजे जन्म-मृत्यूची नोंदवही सांभाळणारे अधिकारी, खात्री करून ती दुरुस्त करतात. चूक मोठी असेल, म्हणजे वडिलांचं नावच दुसरं पडलं असेल किंवा जन्मतारीख चुकली असेल, तर अर्जदाराचं निवेदन आणि हकीकत माहीत असलेल्या दोन विश्वासू माणसांचं निवेदन लागतं. मूळ नोंद खोडत नाहीत. समासात दुरुस्तीचा शेरा लिहून, सही करून, तारीख घालतात. पन्नास वर्षांनी कोणी वही उघडली तरी आधी काय होतं आणि नंतर काय झालं, दोन्ही दिसतं. मला ही जुनी पद्धत फार प्रामाणिक वाटते.

नाव आवडेनासं झालं म्हणून किंवा अंकशास्त्रात बसत नाही म्हणून जन्मनोंद बदलत नाही. राजपत्रात नाव बदललं तरी जन्मनोंद आपोआप बदलली असं समजू नका.

नोंदच झाली नसेल तर

२१ दिवस उलटले, पण ३० दिवस झाले नाहीत, तर विलंब शुल्क भरून नोंद होते. ३० दिवसांनंतर एका वर्षापर्यंत जिल्हा निबंधकांची किंवा त्यांनी नेमलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी आणि स्वयंसाक्षांकित, म्हणजे स्वतः सही केलेला, कागद लागतो. एका वर्षानंतर मात्र जिल्हाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा जिल्हाधिकाऱ्यांनी अधिकार दिलेले कार्यकारी दंडाधिकारी यांचा आदेश आणावा लागतो. पूर्वी हे काम न्यायदंडाधिकाऱ्यांकडे होतं, २०२३ च्या सुधारणेनं ते महसूल खात्याकडे आलं. महाराष्ट्रात २०२५ पासून या उशिराच्या नोंदींची छाननी कडक झाली आहे, त्यामुळे पुरावे भक्कम ठेवा आणि दाखला मिळवून देतो म्हणणाऱ्या कोणालाही पैसे देऊ नका.

आदेश मागण्याआधी नोंद खरंच नाही ना, हे बघून घ्या. बऱ्याचदा ती असते, फक्त शोधणाऱ्यानं दुसऱ्या वर्षात किंवा दुसऱ्या कार्यालयात शोधलेलं असतं. आईला दवाखान्याचं नाव विचारा, ती विसरत नाही. शोधूनही सापडलं नाही तर निबंधकांकडून अनुपलब्धता प्रमाणपत्र मिळतं, तेच पुढच्या अर्जाचा पहिला कागद. जुन्या पिढीतल्या, खेड्यात जन्मलेल्या माणसांची नोंद तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात, कोतवाल बुकात, म्हणजे गावच्या जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदवहीत, सापडू शकते.

परदेशात जन्मलेल्या बाळाची नोंद तिथल्या भारतीय वकिलातीत होते. ती राहिली असेल आणि आईवडील भारतात कायमचं राहायला आले असतील, तर आल्यापासून ६० दिवसांत इथं नोंद करता येते.

दाखला हातात आल्यावर

खिडकीपासून बाजूला होऊन, घाई न करता, प्रत्येक ओळ वाचा. बाळाचं नाव दोन्ही लिप्यांत, आईचं नाव, वडिलांचं नाव, जन्मतारीख, जन्मठिकाण, नोंदणी क्रमांक, नोंदणीची तारीख. क्यूआर कोड असेल तर तिथंच फोननं उघडून बघा, पडद्यावरची माहिती आणि कागदावरची माहिती जुळायला हवी. चूक दिसली तर त्याच दिवशी, त्याच खिडकीवर सांगा. मग घरी येऊन फोटो काढून ठेवा, आणि नोंदणी क्रमांक लसीकरणाच्या कार्डामागं पेनानं लिहून ठेवा. भाचीनं तसा लिहिलाय. परवा बालवाडीच्या अर्जात तो भरायला तिला कपाट उघडावं लागलं नाही.