पंपाचा दर कसा वाचावा आणि कसा ताडून पाहावा

पंपाच्या माहितीत पाण्याचा दर दिलेला असतो, परंतु उत्पादकांनी घेतलेल्या चाचण्यांचा कालावधी सारखा नसल्यामुळे दोन पंपांचे आकडे थेट शेजारी ठेवून निर्णय घेता येत नाही. उदाहरणार्थ, पहिला पंप ४ मिनिटांत १५० लिटर पाणी देतो आणि दुसरा ६ मिनिटांत २१० लिटर. २१० हा आकडा मोठा दिसतो खरा, पण त्यामागे वेळही अधिक लागलेला आहे.

अशा वेळी दराला प्रथम संक्षिप्त रूप द्यावे. १५० आणि ४ यांचा मसावि, म्हणजे दोन्ही संख्यांना पूर्ण भाग जाणारी सर्वांत मोठी संख्या, २ आहे. दोन्ही संख्यांना २ ने भागले की २ मिनिटांत ७५ लिटर असा दर मिळतो. २१० आणि ६ यांचा मसावि ६ असल्याने दुसऱ्या पंपाचा दर एका मिनिटाला ३५ लिटर येतो. येथे संक्षिप्त रूप हाच एकक दर, म्हणजे एका मिनिटाचा दर ठरला, कारण छेदात, म्हणजे मिनिटांच्या जागी, १ उरला. पहिल्या पंपाच्या बाबतीत मात्र ७५ ला आणखी २ ने भागावे लागते आणि मिनिटाला ३७.५ लिटर हा एकक दर मिळतो. म्हणजे अधिक पाणी पहिलाच पंप देतो. शाळेतील एकमान पद्धत ती हीच.

भागाकार उलटा केल्यास एका लिटरला लागणारा वेळ मिळतो. तो दरही बरोबरच असतो, फक्त तेथे लहान संख्येचा पंप सरस ठरतो. म्हणून संख्येपुढे एकक लिहिल्याशिवाय दर पुरा झाला असे समजू नये. तिसऱ्या पंपाची माहिती १२ सेकंदांत ७.२ लिटर अशी सेकंदांत दिली असेल, तर ७.२ ला १२ ने भागून सेकंदाला ०.६ लिटर काढावे आणि त्याला ६० ने गुणावे. उत्तर मिनिटाला ३६ लिटर येते, त्यामुळे हा पंप वरील दोहोंच्या मधला ठरतो.

भागाकार नेहमीच असा सुटसुटीत येत नाही. ७ मिनिटांत १०० लिटर हा दर मिनिटाला १४.२८५७… असा लांबत जातो, आणि तो १४ धरला तर ७ तासांच्या, म्हणजे ४२० मिनिटांच्या हिशेबात ५८८० लिटर येतात, वास्तविक पाणी ६००० लिटर असते. टाकीची क्षमता ठरवताना १२० लिटरची ही तूट क्षुल्लक नाही. त्यामुळे पुढे गुणाकार करायचा असल्यास दर अपूर्णांकातच, १००/७ असा ठेवावा आणि पूर्णांकात आणायचे ते केवळ शेवटचे उत्तर.