युरोपची सामायिक संरक्षणव्यवस्था

दुसऱ्या महायुद्धानंतर युरोपातील राष्ट्रांनी आपली सैन्ये, शस्त्रनिर्मिती आणि लष्करी निर्णयप्रक्रिया एकत्र आणण्यासाठी केलेले करार, स्थापलेल्या संस्था आणि उभारलेली संयुक्त पथके यांना एकत्रितपणे ‘युरोपची सामायिक संरक्षणव्यवस्था’ म्हणता येते. युरोपीय महासंघाचे (युरोपियन युनियनचे) स्वतःचे सैन्य आजही नाही. महासंघाच्या ध्वजाखाली मोहिमेवर जाणारा सैनिक पोलंडचा, स्पेनचा किंवा फ्रान्सचाच असतो. त्याचा पगार त्याचा देश देतो आणि मनात आले तर तोच देश त्याला परत बोलावून घेतो. माणसे, पैसा आणि कारखाने युरोपकडे पूर्वीपासून आहेत. अडले आहे ते सैन्याला हुकूम कोणी द्यायचा, या एका प्रश्नावर, आणि या व्यवस्थेचा बहुतेक इतिहास त्याच प्रश्नाभोवती फिरतो.

महायुद्ध संपल्यावर पहिली काही वर्षे भीती जर्मनीचीच होती. ब्रिटन आणि फ्रान्स यांचा १९४७चा डंकर्कचा तह थेट जर्मनीविरुद्ध होता. १७ मार्च १९४८ रोजी या दोघांसह बेल्जियम, नेदरलँड्स व लक्झेंबर्ग यांनी ब्रुसेल्स येथे परस्पर-साहाय्याचा तह केला. पुढच्याच वर्षी नाटोची स्थापना झाली आणि पश्चिम युरोपच्या रक्षणाची मुख्य जबाबदारी अमेरिकेने उचलली.

जून १९५०मध्ये कोरियात युद्ध पेटले. सोव्हिएत रणगाडे उद्या जर्मनीतही घुसतील, तेव्हा पश्चिम जर्मनीला शस्त्रसज्ज करा, असा आग्रह अमेरिकेने धरला. नाझी ताब्यातून सुटून जेमतेम सहा वर्षे झालेल्या फ्रान्सला जर्मन सैन्य ही कल्पनाच सोसवेना. त्यातून वाट काढण्यासाठी पंतप्रधान रने प्लेव्हन यांनी २४ ऑक्टोबर १९५० रोजी एक योजना मांडली. तिच्यामागे युरोपीय एकीकरणाचे एक शिल्पकार झाँ मॉने यांचे डोके होते. जर्मन सैनिक असतील, पण जर्मन सैन्य नसेल. लहान लहान तुकड्यांत विभागून त्यांना एका युरोपीय सैन्यात मिसळून टाकायचे आणि त्यावर युरोपीय संरक्षणमंत्री नेमायचा, असा हा बेत होता. फ्रान्स, पश्चिम जर्मनी, इटली, बेल्जियम, नेदरलँड्स आणि लक्झेंबर्ग यांनी २७ मे १९५२ रोजी पॅरिसमध्ये युरोपीय संरक्षण समुदायाच्या तहावर सह्या केल्या. सुमारे तेरा हजार सैनिकांची एक, अशा चाळीस डिव्हिजन, सर्वांना एकच गणवेश, एकच अंदाजपत्रक, कारभार पाहण्यासाठी नऊ सदस्यांचे आयुक्तमंडळ आणि युद्धप्रसंगी नाटोच्या सरसेनापतीची आज्ञा, अशी त्याची रचना होती. स्ट्रासबर्गच्या व्यासपीठावरून ऑगस्ट १९५०मध्ये युरोपीय सैन्याची मागणी करणारे विन्स्टन चर्चिल पुन्हा पंतप्रधान झाल्यावर मात्र ब्रिटनला त्यापासून दूरच ठेवून बसले.

सामायिक संरक्षणाच्या इतिहासात हा प्रयत्न अनेकदा दोन ओळींत उरकला जातो. प्रत्यक्षात यानंतर इतक्या पुढे कोणीच गेले नाही. तहाच्या ३८व्या कलमाने या सैन्यावर लोकनियुक्त राजकीय नियंत्रण कसे असावे याचा विचार करण्याचे कामही सोपवले होते आणि त्यानुसार १९५३मध्ये युरोपीय राजकीय समुदायाचा मसुदा तयारही झाला. पश्चिम जर्मनी, बेल्जियम, नेदरलँड्स आणि लक्झेंबर्ग यांनी तहाला मान्यता दिली. दरम्यान स्टालिन वारला, कोरियात शस्त्रसंधी झाली, मे १९५४मध्ये व्हिएतनाममधील दिएन बिएन फू येथे फ्रेंचांचा दारुण पराभव झाला. आपले सैन्य युरोपच्या स्वाधीन करायचे आणि त्याच वेळी साम्राज्यही राखायचे, हे फ्रान्सला झेपणारे नव्हते. राष्ट्रवादी नेते जनरल द गॉल यांचे अनुयायी आणि कम्युनिस्ट एरवी एकमेकांचे तोंड पाहत नसत, पण या तहाविरुद्ध दोघे एक झाले. ३० ऑगस्ट १९५४ रोजी फ्रेंच राष्ट्रीय सभेने एका कामकाजविषयक ठरावाच्या आधारे ३१९ विरुद्ध २६४ मतांनी तह चर्चेविनाच बाजूला सारला. पंतप्रधान प्येर मांदेस-फ्रान्स यांच्या सरकारने या मतदानात कोणतीच बाजू घेतली नाही. जे टाळण्यासाठी फ्रान्सने योजना आखली होती, तेच शेवटी घडले : ऑक्टोबर १९५४च्या पॅरिस करारांनुसार पश्चिम जर्मनी स्वतःच्या स्वतंत्र सैन्यासह मे १९५५मध्ये नाटोत दाखल झाला. ब्रुसेल्सच्या तहाचे रूपांतर पश्चिम युरोपीय संघात झाले खरे, पण पुढची तीन दशके तो संघ जवळजवळ निद्रिस्तच होता.

शीतयुद्धाच्या काळात युरोपचे एकीकरण कोळसा, पोलाद, शेती आणि व्यापार या मार्गांनी झाले. संरक्षणाचा विषय नाटोकडे राहिला. १९६६मध्ये फ्रान्स नाटोच्या एकत्रित लष्करी रचनेतून बाहेर पडला आणि २००९मध्ये परतला. १९८९मध्ये फ्रँको-जर्मन ब्रिगेड उभी राहिली आणि १९९२मध्ये स्ट्रासबर्ग येथे मुख्यालय असलेल्या युरोकोर या बहुराष्ट्रीय लष्करी दलाची स्थापना झाली.

युगोस्लाव्हियाच्या विघटनाने युरोपची दुर्बलता उघडी पाडली. युरोपीय महासंघ स्थापन करणाऱ्या मास्ट्रिख्ट तहाने १९९३पासून सामायिक परराष्ट्र व सुरक्षा धोरण कागदावर आणले होते. परंतु जुलै १९९५मध्ये बोस्नियातील स्रेब्रेनित्सा येथे आठ हजारांहून अधिक बोस्नियाक (बोस्नियातील मुस्लिम) पुरुष व मुलांची कत्तल झाली, तेव्हा ती रोखण्याची ताकद युरोपच्या एकाही राजधानीत नव्हती. बोस्नियातील युद्ध थांबले ते अमेरिकी पुढाकारानेच. या अपमानाची जाणीव ठेवून ब्रिटनचे पंतप्रधान टोनी ब्लेअर आणि फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष झाक शिराक ४ डिसेंबर १९९८ रोजी फ्रान्समधील सें-मालो येथे भेटले आणि युरोपकडे स्वतंत्रपणे कारवाई करण्याची क्षमता हवी असे त्यांनी जाहीर केले. ब्रिटनने प्रथमच मान्यता दिल्याने गाडे पुढे सरकले. डिसेंबर १९९९मध्ये हेलसिंकी येथे महासंघाच्या बैठकीत पन्नास ते साठ हजार सैनिक साठ दिवसांत रवाना करून वर्षभर राखता येतील, असे उद्दिष्ट ठरले. ते त्या स्वरूपात कधीच प्रत्यक्षात आले नाही.

छोट्या मोहिमा मात्र होत गेल्या. २००३मध्ये मॅसिडोनिया आणि काँगो, २००४पासून बोस्निया, तर डिसेंबर २००८पासून सोमालियाच्या किनाऱ्याजवळ चाचेगिरीविरुद्धची ‘अटलांटा’ मोहीम. या मोहिमेचा धागा मुंबईपर्यंत येतो. डिसेंबर २०२३मध्ये चाच्यांनी पळवलेल्या ‘रुएन’ या मालवाहू जहाजावर सुरुवातीला अटलांटाच्या युद्धनौकेने पाळत ठेवली होती. मार्च २०२४मध्ये भारतीय नौदलाच्या ‘आयएनएस कोलकाता’ने ते सोडवले आणि शरण आलेल्या ३५ चाच्यांना मुंबईत आणून पोलिसांच्या स्वाधीन केले. दुसरीकडे, सुमारे दीड हजार सैनिकांची युरोपीय लढाऊ पथके २००७पासून पाळीपाळीने सज्ज ठेवली जातात. त्यांपैकी एकही पथक आजवर रणांगणावर गेलेले नाही. त्याचे मूळ निर्णयपद्धतीत आहे. लष्करी मोहिमेला सर्व सदस्य देशांची संमती लागते आणि प्रत्येक देशाचा घरचा कायदा वेगळा. फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष सैन्य धाडून नंतर तीन दिवसांत संसदेला कळवू शकतात. जर्मनीत घटनात्मक न्यायालयाच्या १९९४च्या निकालापासून सशस्त्र मोहिमेसाठी बुंडेस्टागची (जर्मन संसदेची) मंजुरी आवश्यक ठरली आहे. एका पथकातले दोन शेजारी सैनिक असे दोन वेगळ्या घड्याळांवर चालतात.

खरे एकीकरण झाले ते गाजावाजा न होता, दोन-दोन देशांच्या जोड्यांत. बेल्जियम आणि नेदरलँड्स यांच्या नौदलांचे एकत्रित मुख्यालय नेदरलँड्समधील डेन हेल्डर येथे आहे. नेदरलँड्सने २०११मध्ये काटकसरीपायी आपली रणगाडा दले मोडली. पाच वर्षांनी त्याचे सैनिक जर्मनीच्या ४१४व्या रणगाडा पलटणीत जर्मन सैनिकांबरोबर सामील झाले. २०२३पर्यंत डच भूदलाच्या तिन्ही ब्रिगेड जर्मन डिव्हिजनांशी जोडल्या गेल्या. प्लेव्हन यांच्या कल्पनेच्या सर्वांत जवळ जाणारे उदाहरण शोधायचे तर ते येथे सापडते. मात्र सैनिकांना युद्धावर पाठवण्याचा अधिकार दोन्ही देशांनी स्वतःकडेच ठेवला आहे.

१ डिसेंबर २००९पासून लागू झालेल्या लिस्बन तहाच्या ४२व्या कलमाच्या सातव्या परिच्छेदानुसार एका सदस्यावर सशस्त्र आक्रमण झाल्यास इतरांनी शक्य ती सर्व मदत करायची असते. पॅरिसमधील दहशतवादी हल्ल्यांनंतर नोव्हेंबर २०१५मध्ये फ्रान्सने त्याचा प्रथम आधार घेतला. २०१६मध्ये ब्रिटनने महासंघ सोडण्याचा कौल दिला आणि महासंघाच्या कायमस्वरूपी लष्करी मुख्यालयाला होणारा सर्वांत मोठा विरोध संपला. डिसेंबर २०१७मध्ये २५ देशांनी ‘पेस्को’ ही कायमस्वरूपी सहकार्याची चौकट स्वीकारली. शस्त्रास्त्रांतली विविधता हे तिच्यामागचे एक कारण होते. युरोपात सतरा प्रकारचे मुख्य रणगाडे आणि अमेरिकेत एकच, अशी तुलना युरोपीय आयोगाने, म्हणजे महासंघाच्या कार्यकारी मंडळाने, तेव्हा केली होती. प्रत्येक सरकारला आपला कारखाना आणि आपले कामगार सांभाळायचे असल्याने ही विविधता सहजी कमी होत नाही.

२४ फेब्रुवारी २०२२ रोजी रशियाने युक्रेनवर केलेल्या आक्रमणाने अनेक जुन्या मर्यादा एकाच वर्षात ओलांडल्या गेल्या. महासंघाने प्रथमच सामायिक निधीतून युद्धरत देशाला शस्त्रे पुरवली. डेन्मार्कच्या मतदारांनी १ जून २०२२च्या सार्वमतात महासंघाच्या संरक्षणधोरणातून मिळालेली सूट रद्द केली. मार्च २०२२च्या धोरण-आराखड्यात पाच हजार सैनिकांपर्यंतचे शीघ्र दल ठरले. मार्च २०२४पर्यंत युक्रेनला दहा लाख तोफगोळे देण्याचे आश्वासन मात्र वेळेत पाळता आले नाही आणि कारखान्यांची क्षमता किती आटली होती हे सर्वांना दिसले. डिसेंबर २०२४मध्ये लिथुआनियाचे माजी पंतप्रधान आंद्रियुस कुबिलियुस महासंघाचे पहिले संरक्षण आयुक्त झाले. त्यांच्याकडे उद्योग, खरेदी आणि निधी आहे, सैन्य नाही. मे २०२५मध्ये सदस्य देशांनी संयुक्त शस्त्रखरेदीसाठी १५० अब्ज युरोंच्या कर्जयोजनेला मान्यता दिली.

अमेरिकेच्या अण्वस्त्रछत्राचा भरवसा उरला नाही तर काय, हा प्रश्नही आता उघडपणे विचारला जातो. महासंघात अण्वस्त्रे फक्त फ्रान्सकडे आहेत. त्यांच्या संरक्षणाचा लाभ युरोपीय मित्रदेशांना देण्याबाबत चर्चा सुरू करण्याची तयारी राष्ट्राध्यक्ष इमॅन्युएल माक्राँ यांनी ५ मार्च २०२५च्या भाषणात दाखवली. अण्वस्त्रे वापरण्याचा निर्णय फ्रान्सच्या राष्ट्राध्यक्षांकडेच राहील, हेही त्यांनी त्याच भाषणात स्पष्ट केले.