दाखल्यावरून निर्णय

दाखल्यावरून निर्णय : समोरच्या प्रश्नासारखा पूर्वी घडलेला प्रसंग आठवून त्याच्या आधारे निष्कर्ष काढण्याची किंवा कृती ठरवण्याची पद्धत. यात नियम मागे राहतो, प्रसंग पुढे येतो.

नागपूर जिल्ह्यातल्या संत्राबागांत ही पद्धत उघड दिसते. काटोल-नरखेडकडच्या बागायतदाराला अंबिया आणि मृग या बहारांतून, म्हणजे फुलोऱ्याच्या हंगामांतून, निवड करावी लागते. अंबियासाठी हिवाळ्यात पाणी बंद करून झाडांना ताण देतात आणि जानेवारीच्या सुमारास पुन्हा पाणी देऊन तो तोडतात. मृगासाठी उन्हाळ्यात ताण देऊन पावसाची वाट पाहतात. पाऊस लांबला की मृग अडचणीत, फेब्रुवारी-मार्चमध्ये गारा पडल्या की अंबियाच्या फुलांची आणि कोवळ्या फळांची गळ. अशा वेळी बोलणे हमखास ‘त्या साली काय झालं होतं’ इथवर येते. त्याच गारा मृगाच्या तोडणीला आलेल्या फळांनाही झोडपतात, हे हिशेबात धरायचे राहून जाऊ शकते. आणि ज्या वर्षी काहीच बिघडले नाही, त्या वर्षाची गोष्ट कोण सांगत बसणार?

आमोस ट्व्हर्स्की आणि डॅनियल कानेमन या मानसशास्त्रज्ञांनी 1973 मध्ये नेमके हेच मांडले : उदाहरण जितके चटकन आठवते, तितकी ती घटना माणसाला अधिक संभवनीय वाटते. 23 सप्टेंबर 2023 च्या पहाटे अंबाझरी तलाव ओसंडून नाग नदीकाठच्या वस्त्यांत पाणी शिरले. ते पाहिलेला माणूस घर घेताना नदी किती लांब आहे हे आधी विचारील; शहराच्या दुसऱ्या टोकाला बुजत चाललेल्या नाल्याची चौकशी कदाचित करणार नाही. भीती खरीच आहे, फक्त ती एका जागेला चिकटलेली आहे.

न्यायदर्शन या प्राचीन भारतीय तर्कपरंपरेने अनुमानाच्या पाच अवयवांत, म्हणजे पायऱ्यांत, उदाहरणाला तिसरे स्थान दिले. डोंगरावर धूर दिसतो, म्हणून तिथे अग्नी आहे, जसे स्वयंपाकघरात. नैयायिकांनी, म्हणजे या परंपरेच्या पंडितांनी, उलट उदाहरणही मांडले : जिथे अग्नी नाही तिथे धूरही नाही, जसे सरोवर. स्मरणशक्ती स्वयंपाकघर आपणहून पुढे करते. सरोवर मात्र मुद्दाम शोधावे लागते.

संगणकशास्त्रात या पद्धतीचे चार टप्पे मानतात : जुना प्रसंग शोधणे, तो वापरणे, नव्या परिस्थितीनुसार दुरुस्त करणे आणि निकालासह साठवणे. घरगुती व्यवहारात शेवटचा टप्पा बहुधा गळतो.

दाखल्याची सर्वांत शिस्तबद्ध तपासणी होते ती न्यायालयात. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढेही पूर्वनिर्णय आठवणीवर सोडलेले नसतात. ते छापील असतात, आणि संविधानाच्या अनुच्छेद 141 नुसार सर्वोच्च न्यायालयाने घोषित केलेला कायदा बंधनकारक असतो. तरीही ‘त्या खटल्यातली वस्तुस्थिती वेगळी होती’ हा युक्तिवाद खुला राहतो. एकच निवाडा दोन्ही बाजूंचे वकील आपापल्या बाजूने वाचू शकतात. मग कोणते साम्य महत्त्वाचे आणि कोणते योगायोगाचे, एवढ्यावरच वाद चालतो.