सिंहगड पायाखालचा कसा झाला

रविवारी पहाटे साडेपाचला सिंहगडाच्या पायथ्याशी, आतकरवाडीच्या पार्किंगमध्ये गाडी लावायला जागा शोधावी लागते. कॉलेजची पोरं असतात, गुडघ्याला पट्टा बांधलेले काका असतात, हिमालयातल्या मोहिमेची तयारी म्हणून सॅकमध्ये पाण्याच्या बाटल्या भरून चढणारे असतात, आणि रोजचे म्हणजे अगदी रोजचे लोक, जे कुणाशी फार न बोलता पाऊण तासात पुणे दरवाज्यात पोचतात आणि ताक पिऊन खाली उतरून ऑफिस गाठतात. चढ सहाशे मीटरच्या आसपास, वाट तीन किलोमीटरपेक्षा जरा कमी, पुणे शहरापासून तीसेक किलोमीटर. महाराष्ट्रात किल्ले शेकडो आहेत, लढायाही खूप किल्ल्यांवर झाल्या, मग रोज चढायचा डोंगर हाच का झाला? जवळ आहे हे एक कारण झालंच, पण मला वाटतं वाट घेऱ्यातल्या, म्हणजे गडाभोवतीच्या गावांतल्या, लोकांनी जिवंत ठेवली आणि गोष्ट शाहिरांनी, आणि ही दोन्ही कामं शेकडो वर्षं चालू राहिली म्हणून हे झालं.

आधी डोंगर बघू. सह्याद्रीतून पूर्वेकडे फुटलेल्या भुलेश्वर रांगेवर हा गड आहे, समुद्रसपाटीपासून १३०० मीटरच्या थोडा वर. सगळा काळा बेसॉल्ट, लाव्हाचे थर एकावर एक बसलेले, म्हणून चढताना एकदा छातीवरचा चढ मग जरा सपाटी मग परत चढ असं होत राहतं, दमलेला माणूस सपाटीवर थांबतो आणि तिथेच नेमकी सरबतवाली मावशी बसलेली असते. या थरांच्या सांध्यातून पाणी झिरपतं आणि वरची खोदलेली टाकी त्यावर चालतात. देवटाक्याचं पाणी इतकं चांगलं की गांधीजी पुण्याकडे आले की ते मागवायचे असं सांगतात. पाणी होतं म्हणून माथ्यावर वस्ती टिकली, वस्ती होती म्हणून वाट टिकली.

गडाचं जुनं नाव कोंढाणा. चौदाव्या शतकात मुहम्मद तुघलकाच्या फौजेने वेढा घातला तेव्हा गड नागनाक नावाच्या कोळी सरदाराकडे होता आणि त्याने तो कित्येक महिने लढवला, हे फारसीत लिहिणाऱ्या इतिहासकारांनीच नोंदवून ठेवलंय. आपल्याकडे ही गोष्ट फार कमी सांगितली जाते, याचं वाईट वाटतं. पुढे निजामशाही, आदिलशाही, मग महाराज, १६६५ च्या पुरंदरच्या तहात मुघलांना दिलेल्या २३ किल्ल्यांत हा पण गेला, आणि ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्री तानाजी मालुसऱ्यांनी तो परत घेतला. ते स्वतः पडले, किल्लेदार उदेभान राठोडही पडला.

या एका रात्रीची गोष्ट कशी वाढत गेली हे बघण्यासारखं आहे. महाराजांच्या नंतर दोनेक दशकांत लिहिलेली सभासद बखर फार थोडक्यात सांगते. दोर बांधून कड्यावर चढवलेली ती प्रसिद्ध घोरपड त्यात नाही. निवडक मावळे वानरासारखे कड्यावर चढले, वरून दोर सोडला, मग बाकीचे चढले, झुंज झाली, आणि गड घेतल्याची खूण म्हणून पागा पेटवली ती राजगडावरून दिसली, बस. राजगड सिंहगडावरून समोरच दिसतो त्यामुळे हा तपशील वर उभं राहिलं की लगेच पटतो. आणि महाराजांच्या तोंडी तिथे वाक्य आहे ते ‘एक गड घेतला, परंतु एक गड गेला’ असं. सिंहगड हे नावही तानाजींच्या आधीचं आहे, १६६३ च्या एका पत्रात ते येतं.

मग यशवंती घोरपड आली कुठून? तर तुळशीदास शाहिराच्या पोवाड्यातून. त्यात रायबाचं लग्न आहे, शेलारमामा आहे, घोरपडीला दोर बांधणं आहे, आणि हे सगळं डफाच्या तालावर गावोगाव गेलं. १८९१ मध्ये ॲक्वर्थ नावाचा इंग्रज अधिकारी आणि शाळिग्राम यांनी ऐतिहासिक पोवाडे जमवून छापले त्यात हा पोवाडा आहे, म्हणजे तोंडी चालत आलेली गोष्ट कागदावर पक्की झाली. हरी नारायण आपट्यांनी त्यावर कादंबरी लिहिली, तिचं ‘गड आला पण सिंह गेला’ हे नाव तर म्हणच झालं. बाबूराव पेंटरांनी १९२३ ला कोल्हापुरात ‘सिंहगड’ हा मूकपट काढला, त्यात भारतात पहिल्यांदा कृत्रिम दिव्यांच्या उजेडात शूटिंग झालं, आणि त्यात शेलारमामाचं काम करणाऱ्या व्ही. शांतारामांनी १९३३ ला प्रभातसाठी हीच गोष्ट बोलपटात आणली. इतिहासकार घोरपड मानत नाहीत, ते बरोबरच आहे, पण दिवाळीत मातीचा किल्ला करणारं पोरगं कडा उभा करून त्याला सुतळी लावतं, त्यामागे हा सगळा प्रवास आहे. आणि मोठं होऊन ते पहिल्यांदा गडावर आलं की सगळ्यात आधी विचारतं, तानाजी कडा कुठाय? पश्चिमेच्या बाजूला जाऊन खाली बघितलं की पोवाड्यातला आणि बखरीतला फरक क्षणभर कुणाला आठवत नाही, अंधारात इथून माणसं चढली एवढंच डोक्यात राहतं.

पुढचं थोडक्यात. राजाराम महाराजांचं निधन १७०० मध्ये इथेच झालं, त्यांची समाधी वर आहे. मग औरंगजेबाने गड घेतला, मग परत मराठ्यांकडे, पेशवाई आली. कल्याण दरवाज्यावर शके १६७२ चा, बाळाजी बाजीरावांच्या कारकिर्दीचा शिलालेख आहे, तो बरेच लोक न वाचताच पुढे जातात. मार्च १८१८ मध्ये इंग्रजांनी तोफा लावून गड घेतला.

इंग्रजांनी एक वेगळं काम केलं. तोपर्यंत गडावर जायचं ते चाकरी म्हणून, आता पुण्या-खडकीच्या छावणीतले साहेब उन्हाळ्यात हवा खायला वर जाऊ लागले, बंगले बांधले. म्हणजे सिंहगडावर नुसतं ‘जाऊन राहायचं’ ही कल्पना तेव्हाची. टिळकांनी १८९० च्या सुमारास वर बंगला घेतला आणि ते उन्हाळ्यात लिहायला, वाचायला, विश्रांतीला तिथे जाऊ लागले, बंगला अजून आहे. १९२० च्या उन्हाळ्यात गांधीजीही विश्रांतीसाठी गडावर होते, तिथून लिहिलेली त्यांची पत्रं छापलेली आहेत. टिळकांच्या मागोमाग पुण्यातल्या मध्यमवर्गाला गडाची सवय लागली असं मला वाटतं. मग शाळांच्या सहली, मग गिर्यारोहण संस्थांचा सराव, मग कात्रजच्या जुन्या बोगद्यापासून तेरा-चौदा टेकड्या चढत-उतरत सिंहगडाकडे यायचा रात्रीचा ट्रेक, ज्याला आता सगळे के टू एस म्हणतात आणि पौर्णिमेला तिथे विजेऱ्यांची रांग लागते.

या सगळ्यात घेरा विसरला जातो. किल्ल्याभोवतीची जी गावं किल्ल्याच्या ताब्यात असायची, त्यांनी गडाची राखण करायची, त्या मुलखाला घेरा म्हणत, आणि पायथ्याच्या ग्रामपंचायतीचं नाव आजही घेरा सिंहगड आहे. मडक्यातलं दही, पिठलं-भाकरी, कांदाभजी याला आपण पिकनिकचा मेनू समजतो, पण ते याच वाड्या-वस्त्यांमधून डोक्यावर वर चढत आलंय. अलीकडे वनखात्याने वरची अतिक्रमणं काढली, त्यातली काही बांधकामं खरंच गडाच्या अंगावर आली होती, ते काढणं गरजेचं होतं. पण पाटी घेऊन बसणारी बाई आणि पक्की शेड ठोकणारा यांना एकाच मापात मोजू नये, कारण पहिलीचा गडाशी संबंध आपल्या सगळ्यांपेक्षा जुना असू शकतो.

गाडीरस्त्याचं वेगळंच दुखणं. पावसाळ्यात दरडी येतात, रस्ता बंद पडतो. २०२२ मध्ये खाजगी गाड्या खाली थांबवून इलेक्ट्रिक बस सोडून बघितल्या, त्या काही आठवड्यांतच थांबल्या. कल्पना चांगली होती, बस लहान आणि नीट तयारी करून परत सुरू कराव्यात असं माझं स्पष्ट मत आहे, कारण सुट्टीच्या दिवशी वर हजारो गाड्यांना जागाच नाही.

डोंगर म्हणून बघायचा असेल तर गर्दीची वाट सोडा. हिवाळ्यात पायथ्याच्या ओढ्याकाठी सकाळी शांत उभं राहिलं तर स्वर्गीय नर्तक हा पक्षी दिसतो, पांढरी शेपटी झाडातून फिरताना. पाऊस ओसरला की, ऑगस्टच्या शेवटापासून, उतार सोनकीने पिवळे होतात, तेरडा असतोच, आणि कारवी फुलली असेल तर त्या वर्षी जायलाच पाहिजे कारण परत सात-आठ वर्षं थांबावं लागतं. पायथ्याच्या कल्याण गावाकडून कल्याण दरवाज्याने चढणारी वाट त्यासाठी सगळ्यात छान, माणसं कमी, राजगड-तोरणा सतत नजरेसमोर, फक्त पाणी खालूनच घेऊन निघा आणि शिलालेख वाचायला दोन मिनिटं थांबा.