आरएच निगेटिव्ह बास्क आणि हाल्डेनचं गणित

व्हॉट्सॲपवर एक व्हिडिओ दर काही महिन्यांनी पुन्हा उगवतो. ज्यांचा रक्तगट निगेटिव्ह त्यांच्या रक्तात ‘माकडाचा घटक’ नसतो, सबब ते परग्रहावरून आलेल्यांचे वंशज, असा त्याचा सूर. पुरावा म्हणून बास्क लोक हजर केले जातात. पिरेनीज डोंगररांगेच्या पश्चिम टोकाला, स्पेन आणि फ्रान्स यांच्या सीमेच्या दोन्ही अंगांना राहणारा हा समाज. यांच्यात निगेटिव्ह रक्तगटाचं प्रमाण भलतंच जास्त, आणि यांच्या भाषेचं जगात कुणाशी नातं नाही. झालं सिद्ध!

प्रमाण जास्त आहे हे खरं, भाषा एकटी आहे हेही खरं. परग्रह ही शुद्ध भाकडकथा. पण गंमत अशी की याच दोन खऱ्या गोष्टींवरून पट्टीच्या शास्त्रज्ञांनीही एकेकाळी एक निष्कर्ष काढला होता. तो पुढे टिकला नाही, तरी त्यामागचा युक्तिवाद इतका देखणा आहे की या लेखाची बरीचशी जागा मी त्यालाच देणार आहे.

आधी माकडाचं निस्तरू. १९४० मध्ये लँडस्टायनर आणि वीनर यांनी ऱ्हीसस माकडाच्या रक्तावर प्रयोग केले, त्यावरून ‘आरएच’ हे नाव पडलं. त्या प्रयोगात सापडलेला घटक आणि माणसाच्या तांबड्या पेशींवरचा ‘डी’ हा घटक वेगवेगळे आहेत, हे नंतर लक्षात आलं. तोवर नाव रुळलं होतं. पेशींवर डी असेल तर माणूस पॉझिटिव्ह, नसेल तर निगेटिव्ह. डी तयार करणारं जनुक आपल्या पहिल्या गुणसूत्रावर असतं. युरोपातल्या बहुतेक निगेटिव्ह लोकांत ते अख्खं जनुकच गळालेलं असतं. जनुकं गळणं ही उत्क्रांतीतली रोजची बाब आहे, त्यासाठी उडती तबकडी लागत नाही.

आता आकडे. भारतात निगेटिव्ह लोक साधारण ५ टक्के, युरोपात १५ टक्क्यांच्या आसपास, बास्क लोकांत ३० टक्के किंवा थोडे जास्तच. प्रत्येकाकडे या जनुकाच्या दोन प्रती असतात, एक आईकडून आणि एक वडिलांकडून. जनुक शाबूत असलेल्या प्रतीला ‘भरली’ म्हणू, गळालेलीला ‘रिकामी’. दोन्ही प्रती रिकाम्या असतील तरच माणूस निगेटिव्ह. म्हणजे समाजातल्या एकूण प्रतींपैकी रिकाम्या किती हे काढायचं तर निगेटिव्ह लोकांच्या प्रमाणाचं वर्गमूळ घ्यायचं. ०.१५ चं वर्गमूळ जवळपास ०.३९, आणि ०.३० चं ०.५५. युरोपात रिकाम्या प्रती शंभरात ३९, बास्क समाजात ५५.

ब्रिटिश जनुकशास्त्रज्ञ जे. बी. एस. हाल्डेन यांना खटकलं ते हेच, की हे आकडे अधेमधे कसे? (हे हाल्डेन १९५७ मध्ये भारतात आले, भारताचे नागरिक झाले आणि १९६४ मध्ये भुवनेश्वरला वारले.) बास्क लोकांचे आकडे तेव्हा यायचे होते, पण उरलेल्या युरोपाचे त्यांच्यासमोर होते. १९४२ च्या त्यांच्या निबंधातला मुद्दा कळायला बाळंतपणाच्या वॉर्डात जावं लागेल.

आई निगेटिव्ह, वडील पॉझिटिव्ह आणि पोटातलं बाळ पॉझिटिव्ह, अशी जोडी घ्या. पहिल्या बाळंतपणात बाळाचं थोडं रक्त आईच्या रक्तात मिसळतं. आईच्या शरीराला डी हा परका, म्हणून ते त्याच्याविरुद्ध प्रतिपिंडं तयार करून ठेवतं. पहिलं मूल बहुधा सुखरूप असतं. पुढच्या खेपेला बाळ पुन्हा पॉझिटिव्ह असलं की ती प्रतिपिंडं वार (प्लासेंटा) ओलांडून जातात आणि बाळाच्या तांबड्या पेशी फोडतात. आज निगेटिव्ह आईला बाळंतपणानंतर ७२ तासांच्या आत अँटी-डीचं इंजेक्शन देतात आणि संकट टळतं. १९६० चं दशक सरत येईपर्यंत हे इंजेक्शन नव्हतं, आणि अशी कितीतरी बाळं दगावत.

दगावणाऱ्या बाळाकडे कोणत्या प्रती असतात? आई निगेटिव्ह, तेव्हा तिच्याकडून रिकामीच आली. बाळ पॉझिटिव्ह, तेव्हा वडिलांकडून भरलीच आली. म्हणजे असं प्रत्येक मूल जाताना एक भरली आणि एक रिकामी घेऊन जातं. प्रत्येक वेळी, न चुकता, दोन्हीकडून एकेक.

एखाद्या समाजात ८० भरल्या आणि २० रिकाम्या प्रती आहेत असं धरा. अशी दहा बाळं गेली. उरल्या ७० आणि १०. रिकाम्यांचं प्रमाण २० टक्क्यांवरून साडेबारावर आलं. तोटा दोघांचा सारखाच झाला, पण अल्पसंख्याकांना तो जास्त बाधला. आकडे उलटे असते, २० भरल्या आणि ८० रिकाम्या, तर भरल्यांची अशीच गळती लागली असती. बरोबर ५०-५० असताना प्रमाण हलत नाही. पण ते ५२-४८ झालं आणि दहा बाळं गेली, की उरतात ४२ आणि ३८, म्हणजे साडेबावन्न विरुद्ध साडेसत्तेचाळीस. अंतर वाढतच जातं. याला अस्थिर समतोल म्हणतात. भरपूर पिढ्या गेल्या तर दोन्हींपैकी एकच प्रकार उरायला हवा. अधल्यामधल्या आकड्याला इथे दीर्घायुष्य नाही.

तरी युरोप ३९ वर उभा आहे. हाल्डेन यांचं उत्तर असं, की हे मिश्रण ताजं आहे. एक समाज जवळपास सगळ्या भरल्या प्रतींचा आणि दुसरा बहुतांश रिकाम्या प्रतींचा, असे दोन समाज काही हजार वर्षांपूर्वी एकत्र आले आणि गळतीला अजून पुरेसा वेळ मिळालेला नाही. मग तो रिकाम्या प्रतींचा मूळ समाज कुठे गेला? १९४५ मध्ये अर्जेंटिनात एत्चेव्हेरी नावाच्या डॉक्टरला तिथल्या बास्क वंशाच्या लोकांत निगेटिव्ह रक्तगट जवळपास एक तृतीयांश आढळला. १९४७ मध्ये ब्रिटिश रक्तगटतज्ज्ञ आर्थर मोरंट यांनी ‘नेचर’मध्ये दोन टोकं जोडली: इतर भाषा येण्याआधीच्या युरोपातले ते मूळ लोक म्हणजे बास्क लोकांचे पूर्वज. भाषा एकटी, रक्तही वेगळं. सगळं कसं चपखल बसलं!

गणितात चूक नव्हती. पण गळतीचा जोर वाटला होता त्याहून पुष्कळ कमी होता. पहिलं मूल वाचतं. दगावलेल्या मुलानंतर आईबाप आणखी मूल होऊ देतात. आणि आई-बाळाचे ए-बी-ओ गट जुळत नसतील तर बाळाच्या पेशी आईचं शरीर ओळखून प्रतिपिंडं करायच्या आतच नष्ट होतात, म्हणजे एक विसंगती दुसरीपासून वाचवते. त्यात समाज लहान आणि डोंगरदऱ्यांत अडकलेला असला, की निव्वळ योगायोगानेही एखादं प्रमाण चढतं. आणि काही झालं तरी ही एका जनुकाची साक्ष. तिच्या भरवशावर अख्ख्या समाजाचा इतिहास लिहू नये.

बाकीच्या जनुकांची साक्ष जुन्या हाडांनी दिली. २०१५ मध्ये उत्तर स्पेनमधल्या आतापुएर्का इथल्या एल पोर्तालोन गुहेतल्या आठ जणांचा डीएनए वाचला गेला. साडेतीन ते साडेपाच हजार वर्षांपूर्वीचे हे शेतकरी. आजच्या लोकांपैकी त्यांना सगळ्यात जवळचे निघाले बास्क. आणि या शेतकऱ्यांचे पूर्वज मुख्यतः आजच्या तुर्कस्तानाकडून पश्चिमेला सरकत आलेले, वाटेत स्थानिक शिकाऱ्यांत मिसळलेले. गुहांमध्ये चित्रं काढणाऱ्या हिमयुगातल्या शिकाऱ्यांचे थेट आणि निर्भेळ वारस ही बास्क लोकांची ख्याती तिथेच संपली.

२०१९ मध्ये ‘सायन्स’मध्ये २७१ प्राचीन आयबेरियन, म्हणजे स्पेन-पोर्तुगालच्या द्वीपकल्पातल्या, लोकांचा अभ्यास आला. पूर्व युरोपातल्या गवताळ मैदानांशी नातं सांगणारे लोक इ.स.पू. २५०० नंतर आयबेरियात आले. इ.स.पू. २००० पर्यंत तिथल्या वंशवारशाचा सुमारे ४० टक्के भाग बदलला, आणि बापाकडून मुलाला मिळणारी वाय गुणसूत्रं जवळजवळ शंभर टक्के बदलली. यातून बास्क मुलूख सुटला नाही. आजचे बास्क लोहयुगातल्या आयबेरियन लोकांसारखे आहेत. त्यानंतर रोमन काळात आणि उत्तर आफ्रिकेतून आलेलं रक्त इतरांत मिसळलं तेवढं त्यांच्यात मिसळलं नाही. त्यांचं वेगळेपण आहे ते एवढंच.

पितृवंश बदलले आणि भाषा राहिली, ही यातली खरी चकित करणारी गोष्ट. त्या मैदानांतून निघालेले लोक एरवी जिथे गेले तिथे बहुधा इंडो-युरोपीय भाषा रुजली. संस्कृतमार्गे मराठीही त्याच घराण्यातली. इथे बाहेरून आलेल्या बापांची मुलं आईची भाषा बोलत वाढली असावीत असं माझं मत आहे, पण हाडं भाषा बोलून दाखवत नाहीत. रक्तावरून भाषा आणि भाषेवरून रक्त ओळखू पाहणाऱ्यांनी या एका उदाहरणाशी थोडं थांबावं. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस साबिनो आराना यांनी बास्क राष्ट्रवादी पक्ष काढला, तेव्हा सभासद व्हायला आजी-आजोबांची चारही आडनावं बास्क लागत. स्वतः आराना स्पॅनिश बोलत वाढले होते आणि बास्क मोठेपणी शिकले.

भाषेच्या बाबतीतही नाती जोडायची घाई होते. बास्कमध्ये ‘माणूस आला’ याला ‘गिसोना एतोरी दा’ म्हणतात आणि ‘माणसाने भाकरी खाल्ली’ याला ‘गिसोनाक ओगिया यान दू’. सकर्मक क्रियापद आलं की कर्त्याला ‘क’ लागतो, आपल्या ‘ने’सारखा. आपण ‘माणूस भाकरी खातो’ असं म्हणताना ‘ने’ सोडतो, बास्कमध्ये तिथेही ‘क’ राहतो. हीच लकब जॉर्जियनमध्ये आहे, हुंझा खोऱ्यातल्या बुरुशास्कीत आहे, म्हणून या सगळ्या बहिणी असल्याचे दावे निघतात. त्या हिशेबाने मराठीही बास्कची बहीण ठरेल. नातं ठरतं ते शब्दांमधल्या ध्वनींच्या नेमबद्ध जुळणीवर, आणि तसा कोणताही दावा सर्वमान्य झालेला नाही. एकटी भाषा पाहायला युरोपात जायलाच हवं असंही नाही. बुलढाणा जिल्ह्यात जळगाव जामोद भागात निहाली बोलली जाते. तिचंही कुळ लागत नाही, आणि बोलणारे उरलेत दोन-अडीच हजार. बास्क बोलणारे आठ लाखांच्या आसपास आहेत.

जुना लेखी पुरावा मिळतो तो फ्रान्सच्या नैर्ऋत्य भागातल्या रोमन काळातल्या लॅटिन शिलालेखांत, माणसांच्या आणि देवांच्या नावांमध्ये. नेस्कातो, किसोन, सेंबे, आंदेरे. आजच्या बास्कमध्ये नेस्कातो म्हणजे मुलगी, गिसोन पुरुष, सेमे मुलगा, आंद्रे बाई. आजच्या भाषेची जुनी आवृत्ती, नाहीतर तिची सख्खी भावंडं.

याहून मोठं काही सापडावं अशी आस लागली की फसगतही होते. २००६ मध्ये स्पेनमधल्या बास्क मुलुखातल्या आलाव्हा प्रांतात इरुन्या-वेलेयाच्या उत्खननातून बास्क शब्द कोरलेली खापरं निघाल्याचं जाहीर झालं. त्यांच्यावर आधुनिक विरामचिन्हं होती, आणि येशूच्या क्रुसावर थडग्यावर लिहितात तसं ‘आरआयपी’. २००८ मध्ये तज्ज्ञ समितीने ती बनावट ठरवली, २०२० मध्ये न्यायालयात शिक्षा झाली.

त्यामुळे नोव्हेंबर २०२२ मध्ये उत्तर स्पेनमधल्या नवाराच्या इरुलेगी डोंगरावरच्या पंज्याची बातमी आली तेव्हा भाषातज्ज्ञ सावध होते. इ.स.पू. पहिल्या शतकात रोमन यादवीत जळालेल्या वस्तीतल्या एका घराच्या दाराशी कांशाचा हा पातळ पंजा सापडला, जेमतेम १४ सेंटीमीटरचा, बोटं खाली करून टांगलेला असावा असा. आपण दाराला लिंबू-मिरची बांधतो त्यातलाच प्रकार दिसतो. त्यावर चार ओळी आहेत. पहिला शब्द ‘सोरिओनेकु’ असा वाचला गेला, आणि आजच्या बास्कमधल्या ‘सोरिओनेको’शी, म्हणजे भाग्यशालीशी, तो जुळला म्हणून मोठा गाजावाजा झाला. २०२४ मध्ये अक्षरं पुन्हा बारकाईने तपासली गेली आणि शेवटचं अक्षर ‘कु’ नसून ‘के’ असावं असं ठरलं, त्यामुळे ती जुळणी सैल झाली. बाकीच्या ओळींमधला एकही शब्द आजच्या बास्कमध्ये खात्रीने बसवता आलेला नाही.