नॉर्मल की मोलर? प्रयोगशाळेतल्या लेबलामागची पार्श्वभूमी

द्रावणाची संहती, म्हणजे त्यात पदार्थ किती विरघळलाय ते, कोकण किनाऱ्याला नवी नाही. एक किलो समुद्राच्या पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात. मिठागराच्या कोंडीत ते पाणी आटत आटत बोमे मापावर (द्रवाची घनता मोजायचं माप) २५ अंशांच्या आसपास आलं की मीठ धरू लागतं. क्षार पाण्यात विरघळताच त्याचे आयन (विद्युतभारित कण) सुटे होतात, ही कल्पना मात्र १८८४ सालच्या एका स्वीडिश प्रबंधातली. परीक्षकांनी त्याला जेमतेम श्रेणी दिली, आणि १९०३ मध्ये त्याच सिद्धांताला नोबेल मिळालं.

आपल्याकडे खरा घोळ आहे तो नॉर्मॅलिटीचा, म्हणजे पदार्थ अभिक्रियेत किती भाग घेतो त्यावरून संहती मोजण्याचा. पिढ्यान्‌पिढ्या टायट्रेशन (माहीत असलेल्या द्रावणावरून दुसऱ्याची संहती काढणं) ‘एन-वन व्ही-वन बरोबर एन-टू व्ही-टू’ या एका ओळीवर चाललं; एन म्हणजे नॉर्मॅलिटी, व्ही म्हणजे आकारमान. ०.१ नॉर्मल ऑक्झॅलिक आम्ल म्हणजे लिटरला ६.३ ग्रॅम, ०.१ नॉर्मल पोटॅशियम परमँगनेट म्हणजे ३.१६ ग्रॅम. १० मिलीला १० मिली, हिशेब संपला. पण परमँगनेटची तीच बाटली आम्लयुक्त माध्यमात ०.१ नॉर्मल असते आणि उदासीन माध्यमात ०.०६. द्रावण तेच, आकडा अभिक्रियेवर बदलतो. म्हणून आंतरराष्ट्रीय पातळीवर नॉर्मॅलिटी वापरू नये असं ठरलं. १९७१ मध्ये मोल (कणांच्या ठरावीक संख्येचा गट) हे एसआय, म्हणजे आंतरराष्ट्रीय पद्धतीतलं एकक झालं आणि पाठ्यपुस्तकं मोलॅरिटीकडे, म्हणजे लिटरमागे किती मोल या मापाकडे वळली.

निर्णय योग्यच होता. अंमलबजावणी अर्धवट राहिली. लेबलं बदलली, जुनी ओळ तशीच राहिली. मुलं ०.०५ मोलर ऑक्झॅलिक आम्लासाठी एनच्या जागी मोलॅरिटीचा एम घालून ‘एम-वन व्ही-वन’ लावतात आणि ०.०२ मोलर परमँगनेटचं उत्तर ०.०५ काढतात, म्हणजे थेट अडीचपट. परमँगनेटच्या २ मोलला ऑक्झॅलिक आम्लाचे ५ मोल लागतात, हे आधी फळ्यावर यायला हवं. ब्युरेट (टायट्रेशनची मापनळी) त्यानंतर भरावी.

त्यात कोकणातली हवा. जुलैत रत्नागिरी-मालवणकडे कॉस्टिक सोड्याच्या गोळ्या वॉचग्लासवर (काचेच्या उथळ बशीत) ठेवल्या की डोळ्यांदेखत ओलावतात, तराजूचा आकडा स्थिर होतच नाही. अशा वजनावरून लिहिलेली संहती अंदाजापलीकडे जात नाही. ऑक्झॅलिक आम्लाचे स्फटिक हवेतलं पाणी असे ओढत नाहीत, म्हणून आधी त्याचं द्रावण अचूक करायचं आणि कॉस्टिक सोड्याची संहती त्यावरून ठरवायची. खाडीकाठच्या बोअरच्या पाण्यात क्लोराइड असतं. सिल्व्हर नायट्रेटचे दोन थेंब टाकले की ते दुधाळ होतं. तिथे डिस्टिल्ड पाण्याला पर्याय नाही.